छायाचित्रमालिकेची दृश्यशैली का बदलते? पुष्पमाला एन. यांच्या ‘फँटम लेडी’चं उदाहरण

कथात्मक छायाचित्रमालिका म्हणजे एक गोष्ट सांगण्यासाठी ठरवून काढलेले आणि ठरावीक क्रमाने मांडलेले फोटो. बातमीचा फोटो घडलेली घटना टिपतो. इथे मात्र पात्रं, कपडे, जागा आणि प्रकाश हे सगळं कलाकार आधी योजतो.

इन्स्टाग्रामवर फोटो टाकणाऱ्यांमध्ये एक समज पक्का असतो: सगळ्या फोटोंना एकच फिल्टर लावला की आपली ‘स्टाईल’ तयार झाली. पुष्पमाला एन. यांच्या मालिका या समजाला छेद देतात.

पुष्पमाला एन. कोण?

त्यांचा जन्म १९५६ साली बेंगळुरूत झाला. बडोद्याच्या महाराजा सयाजीराव विद्यापीठात त्या शिल्पकला शिकल्या आणि १९९०च्या दशकात छायाचित्रांकडे वळल्या. आपल्या मालिकांमध्ये त्या स्वतःच भूमिका करतात. कॅमेरा दुसऱ्याच्या हाती असतो, पण कल्पना आणि दिग्दर्शन त्यांचं असतं.

पहिला टप्पा: काळा-पांढरा थरार

‘फँटम लेडी ऑर किस्मत’ (१९९६-९८) ही मालिका मुंबईत चित्रित झाली. फोटोंमधून सिनेमासारखी कथा सांगणाऱ्या ‘फोटो-रोमान्स’चा हा प्रकार. मुखवटा आणि टोपी घातलेली साहसी नायिका आणि तिची हरवलेली जुळी बहीण, अशा दोन्ही भूमिका पुष्पमाला यांनीच केल्या. नायिकेचा अवतार १९३५च्या ‘हंटरवाली’मधल्या फिअरलेस नादियाची आठवण करून देतो. फोटो कृष्णधवल आहेत. गडद सावल्या आणि नाट्यमय प्रकाश यांमुळे प्रत्येक फोटो एखाद्या जुन्या गुन्हेगारीपटातल्या दृश्यासारखा वाटतो. जुळ्या बहिणींची ताटातूट हा हिंदी सिनेमाचा हुकमी मसाला. त्यामुळे गोष्ट जिथून आली, तिथलंच रूप फोटोंनी घेतलं.

दुसरा टप्पा: हाताने भरलेले रंग

‘सुनहरे सपने’ (१९९८) हाही फोटो-रोमान्सच, पण इथे साहस नाही. एक मध्यमवर्गीय गृहिणी आणि तिच्या स्वप्नातलं तिचंच झगमगीत रूप, एवढाच खेळ. म्हणून शैलीही पालटली. कृष्णधवल फोटोंवर हाताने रंग चढवले गेले. रंगीत फिल्म सर्रास मिळू लागण्याआधी आपल्याकडच्या स्टुडिओंत असेच फोटो रंगवले जात. हा रंग खराही वाटतो आणि खोटाही. स्वप्नाला तो बरोबर शोभतो.

तिसरा टप्पा: रंगीत मुंबई

‘रिटर्न ऑफ द फँटम लेडी (सिनफुल सिटी)’ २०१२ साली आली. मुखवटेवाली नायिका तीच, शहरही तेच, पण फोटो आता पूर्ण रंगीत होते. या वेळी ती एका अनाथ शाळकरी मुलीला वाचवायला निघते आणि खून, कारस्थानं आणि जमिनी बळकावण्याच्या जाळ्यात सापडते. मधल्या वर्षांत मुंबईत गिरण्यांच्या जमिनींवर टॉवर आणि मॉल उभे राहिले होते. पहिल्या मालिकेची गोष्ट सिनेमातून आली होती. या गोष्टीतला जमिनीचा प्रश्न मात्र थेट रस्त्यावरचा होता. जुन्या सिनेमाचा कृष्णधवल पडदा तसाच ठेवला असता, तर तो प्रश्नही जुन्या काळातला वाटला असता.

मग मालिका एकसंध कशी राहते?

रंग, प्रकाश आणि काळ बदलले तरी तिन्ही ठिकाणी काही गोष्टी कायम आहेत: कलाकाराचा स्वतःचा चेहरा, उघडपणे ‘केलेला’ अभिनय आणि सिनेमाशी नातं. पहिल्या आणि तिसऱ्या मालिकेत त्यात मुखवट्याचीही भर पडते. ओळख या खुणांमुळे टिकते, फिल्टरमुळे नाही.

मालिका पाहताना काय तपासावं?

- पहिला, मधला आणि शेवटचा फोटो शेजारी ठेवा. प्रकाश आणि रंग कुठे बदलले?
- तो बदल कथेतल्या कोणत्या वळणावर झाला?
- सगळ्या फोटोंत न बदललेली गोष्ट कोणती?

स्वतःची मालिका करतानाही हेच तीन प्रश्न कामी येतात. दुसऱ्या प्रश्नाला उत्तर सापडत नसेल, तर तो बदल कथेने मागितलेला नाही असं समजावं.