सेव्ह झालं म्हणते, पण उरत नाही

चवथीच्या आधी घर झाडायला काढलं की काय काय बाहेर येतं ते सांगायला नको. यंदा वहिनींनी माळ्यावरची पत्र्याची पेटी खाली उतरवली. आत दादाचे बाहरीनचे कागद, दोन शर्ट, एक बंद पडलेलं घड्याळ आणि खाली रुमालात गुंडाळलेला जांभळा गेमबॉय कलर. त्यात खोचलेली पोकेमॉन गोल्डची कॅसेट. (आम्ही कार्ट्रिजला कॅसेटच म्हणत आलो, पुढेही तेच म्हणणार.)

दादा माझा चुलत भाऊ, माझ्याहून चार वर्षांनी मोठा. २००१ साली सुट्टीवर आला तेव्हा हे खेळणं त्याच्या हातात होतं. रात्रपाळी संपवून खोलीवर आलं की झोप येत नाही, मग हे घेऊन बसतो, असं तो सांगायचा. तीस वर्षांचा होत आलेला माणूस पोकेमॉन खेळतो म्हणून आम्ही हसायचो. २०११ साली दादा गेला. पुतण्या तेव्हा सहा वर्षांचा. बाबांच्या मांडीवर बसून स्क्रीनकडे बघितल्याचं त्याला आठवतं, बाकी फार काही आठवत नाही.

त्याने पेन्सिल सेल घालून गेमबॉय चालू केला. चालू झाला! पण जिथे जुना खेळ पुढे चालू करायचा पर्याय दिसायला हवा तिथे फक्त 'नवा खेळ' एवढंच. त्याने तासभर खेळून सेव्ह केलं, बंद केलं, पुन्हा चालू केलं. पुन्हा 'नवा खेळ'. संध्याकाळी माझ्याकडे आला.

"काका, सेव्ह जालें म्हण सांगता, पूण उरना."

मी सरकारी कारकून, कला शाखेचा पदवीधर. इलेक्ट्रॉनिक्सशी माझा संबंध ऑफिसातला प्रिंटर दोन थपडा मारून चालू करण्यापुरता. पण या प्रश्नाचं उत्तर मला माहीत होतं, कारण ऑफिसातल्या जुन्या संगणकाची तारीख रोज सकाळी मागे जायची तेव्हा मेकॅनिकने ते समजावलं होतं. आतली नाण्याएवढी बॅटरी संपलेली असते. त्या कॅसेटमध्येही तशीच एक नाणेबॅटरी आहे. दादाने रात्री रात्री जागून जे काही मिळवलं होतं ते सगळं त्या तीन व्होल्टच्या आधारावर तग धरून होतं.

कॅसेटमध्ये दोन प्रकारची स्मृती असते. खेळाचा कार्यक्रम कायमचा छापलेला, त्याला वीज लागत नाही. पण खेळाडू कुठवर पोचला, काय मिळवलं, त्याचं नाव काय, हे लिहिण्यासाठी जी चिप वापरत तिला सतत थोडीशी वीज लागते. गेमबॉय चालू असताना ती पेन्सिल सेलमधून येते, बंद केल्यावर नाणेबॅटरीतून. म्हणून 'सेव्ह झालं' हा निरोप खोटा नव्हता. त्या क्षणी खरंच लिहिलं गेलं होतं. बटण बंद केल्यावर पाटी पुसली गेली, एवढंच.

आमच्या लहानपणी हा प्रश्नच नव्हता, कारण सेव्ह नावाची गोष्टच नव्हती. १९९३-९४ च्या सुमारास आमच्या वाड्यावर एकाच घरी टीव्हीचा गेम होता. जपानी यंत्राची नक्कल, आणि त्यात शेकडो खेळांचा दावा करणारी पिवळी कॅसेट. खरे खेळ मोजले तर वीसेक, बाकी तेच पुन्हा पुन्हा. मारिओ मात्र खरा होता. १९८५ चा 'सुपर मारिओ ब्रदर्स': आठ जगं, प्रत्येकात चार टप्पे, एकूण बत्तीस, आणि मध्ये कुठेही नोंद ठेवायची सोय नाही. एकदा आम्ही आठव्या जगात पोचलो आणि जेवायची हाक आली. खेळ थांबवून, टीव्ही बंद करून, यंत्र चालूच ठेवलं आणि त्याचा लाल दिवा कोणाला दिसू नये म्हणून वर टॉवेल टाकला. रात्रभर ते तसंच तापत राहिलं. पहाटे पाऊस आला आणि वीज गेली... सकाळी चौघेजण त्या टॉवेलकडे बघत बसलो होतो. खेळ संपल्यावर एक बटण दाबून धरून दुसरं दाबलं तर त्याच जगापासून पुन्हा सुरू करता येतं, हे मला वीस वर्षांनी कळलं. अर्थात वीज गेल्यावर त्याचाही उपयोग नव्हताच.

जपानात या दुखण्यावर दोन-तीन वेगवेगळे उपाय एकाच सुमारास निघाले. १९८६ च्या फेब्रुवारीत निन्तेन्दोने तिथल्या फॅमिकॉम यंत्रासाठी डिस्कचा जोड आणला. त्याबरोबर आलेला 'झेल्डा' हा खेळ डिस्कवरच आपली नोंद लिहायचा. डिस्क जुनी झाली की दुकानातल्या यंत्रावर ५०० येन देऊन तिच्यावर नवा खेळ लिहून घेता येई. कल्पना फारच चांगली, पण डिस्क फिरवणारा रबरी पट्टा काही वर्षांत चिकट होऊन तुटायचा. आजही ते जुने जोड दुरुस्त करणाऱ्यांचं पहिलं काम पट्टा बदलणं हेच असतं.

दुसरा उपाय बिनखर्चाचा. त्याच वर्षी मे महिन्यात 'ड्रॅगन क्वेस्ट' आला. त्यात राजाकडे गेलं की तो एक मंत्र सांगे, वीस हिरागाना अक्षरांचा. त्या अक्षरांत खेळाडूची सगळी कमाई गुंफलेली. तो वहीत लिहून घ्यायचा आणि दुसऱ्या दिवशी जसाच्या तसा भरायचा. १९८७ च्या दुसऱ्या भागात हा मंत्र बावन्न अक्षरांपर्यंत लांबला. धुरकट टीव्हीवर बावन्न अक्षरं उतरवून घेणाऱ्या मुलांची काय दशा झाली असेल! हिरागानात 'नु' आणि 'मे' ही अक्षरं जवळजवळ सारखी दिसतात, 'बा' आणि 'पा' यांत फरक काय तो कोपऱ्यातल्या दोन रेघांचा की वर्तुळाचा. एक अक्षर चुकलं की मंत्र चुकला. आपल्याला हे सांगायची गरज नाही. घ आणि ध, भ आणि म यांत चाचपडलेली आपली जमात, आणि 'ध'चा 'मा' झाल्यामुळे १७७३ साली शनिवारवाड्यात काय घडलं म्हणतात ती कथा आपण लहानपणापासून ऐकलेली. नोंद उतरवून घेणाऱ्याची चूक ही यंत्राच्या चुकीपेक्षा पुष्कळ जुनी आहे.

तिसरा उपाय म्हणजे कॅसेटमधली बॅटरी. १९८७ साली 'झेल्डा' अमेरिकेत गेला तेव्हा तिथे डिस्कचा जोड नव्हता, म्हणून सोनेरी रंगाच्या कॅसेटमध्ये स्मृतीची चिप आणि बॅटरी बसवून पाठवला. तीन जणांची खाती ठेवायची सोय. पण त्याबरोबर एक विचित्र सूचनाही होती: यंत्र बंद करताना आधी रीसेटचं बटण दाबून धरा, मग वीज बंद करा. मुलांना ते मंत्रतंत्रासारखं वाटायचं. कारण मात्र साधं होतं. वीज एकदम शून्य होत नाही, उतरत जाते. त्या उतरत्या क्षणात यंत्राचा मेंदू भ्रमिष्टासारखा वागतो आणि त्याच्या हातून नोंदवहीत भलतंसलतं लिहिलं जाऊ शकतं. रीसेट दाबून धरलं की मेंदू थांबलेला असतो, हात हलत नाही. घाईने बटण बंद करणाऱ्या किती पोरांनी आपली खाती अशी पुसली असतील कोण जाणे.

१९८८ च्या 'ड्रॅगन क्वेस्ट ३' मध्ये मंत्र जाऊन बॅटरी आली. तिथे खात्याला 'साहसाची वही' म्हणत. ही वही बिघडली तर एक भयाण धून वाजे आणि पडद्यावर अगदी अदबीने कळवलं जाई, की वाईट वाटतं, पण तुमची वही नाहीशी झाली आहे. जपानातली त्या पिढीची माणसं आजही त्या धुनेचं नाव काढलं की कानांवर हात ठेवतात म्हणे.

वही बिघडली हे खेळाला कळतं कसं, हा प्रश्न मला कारकून म्हणून जास्त आवडला. उत्तर वाचलं आणि हसूच आलं. आपण रोकडवहीत पानाच्या तळाशी बेरीज टाकतो ना, तेच. सगळ्या नोंदींची एक बेरीज शेवटी लिहून ठेवायची. उघडताना पुन्हा बेरीज करायची. जुळली नाही तर पान ग्राह्य नाही. पुढे यात आणखी शहाणपण आलं. २००२ च्या पोकेमॉन रूबी-सफायरमध्ये नोंदीच्या दोन जागा आलटून पालटून वापरल्या. नवी नोंद पुरी होऊन बेरीज जुळेपर्यंत जुनीला हात लावायचा नाही. ऑफिसात नवं रजिस्टर घालताना जुनं आधी भंगारात देणाऱ्यांना हे शिकवायला हवं. याच खेळात नोंद अशा चिपवर ठेवली जिला वीज लागतच नाही. बॅटरी उरली ती फक्त घड्याळापुरती. ती संपली तर खेळातली झाडं वाढायची थांबतात, पण माणूस पुसला जात नाही.

दादाच्या गोल्डचं नेमकं उलटं. १९९९ साली जपानात आणि २००० साली अमेरिकेत आलेल्या त्या खेळात दिवस-रात्र होते, वार होते. बाहेर सोमवार तर आतही सोमवार. त्यासाठी घड्याळाची चिप अहोरात्र चालते, आणि चालते त्याच बॅटरीवर जिच्यावर नोंदी जगतात. त्यामुळे आधीच्या रेड-ब्ल्यूपेक्षा गोल्डच्या बॅटऱ्या लवकर मरतात. १९८७ च्या काही झेल्डा कॅसेट तीस वर्षांनंतरही नोंद सांभाळून असल्याचं लोक दाखवतात. गोल्डचं नशीब तसं नाही.

म्हापशाला टीव्ही दुरुस्त करणारा एक ओळखीचा आहे. त्याच्याकडे कॅसेट घेऊन गेलो. निन्तेन्दोचा स्क्रू साध्या पान्याने निघत नाही, त्याने बॉलपेनची नळी तापवून त्यावर दाबली आणि काम भागवलं. आत बॅटरी धातूच्या पट्ट्यांनी चिकटवलेली. मीटर लावला. तीनच्या जागी अर्ध्या व्होल्टच्याही खाली. चिपला नोंद धरून ठेवायला साधारण दोन तरी लागतात. म्हणजे दादाचा खेळ कधीचाच गेलेला होता, पेटीतच, कोणी बटण लावण्याआधी.

बॅटरीत जीव असता तर मार्ग होते. कॅसेट वाचणारं छोटं यंत्र मिळतं, त्याने नोंद संगणकावर उतरवून घेता येते आणि बॅटरी बदलल्यावर परत भरता येते. किंवा जुनी काढण्याआधी बाजूने दुसरी वीज जोडून ठेवायची, म्हणजे क्षणभरही खंड पडत नाही. नुसती बॅटरी काढून नवी घातली तर त्या मधल्या क्षणात सगळं जातं. पुतण्या तिथेच उभा होता. हे सगळं त्याच्यासमोर बोलायला नको होतं, असं घरी येताना वाटलं. खेळात नावाला सातच अक्षरं मावतात आणि दादाचं नाव इंग्रजीत आठ अक्षरी, शेवटचं बाहेर राहिलेलं, त्यावरून आम्ही त्याला चिडवत असू. ते मीही त्याच्याशी बोललो नाही, बऱ्याच दिवसांनी बोललो.

नवी बॅटरी बसली. आता नोंद उरते.

मधला काळ थोडक्यात सांगतो. १९९४ च्या प्लेस्टेशनने नोंद खेळापासून वेगळी काढून खिशात घातली: १२८ किलोबाइटचं मेमरी कार्ड, त्यात पंधरा घरं. लिहिताना कार्ड ओढलं की नोंद गेली. मग हार्ड डिस्क आली, २००८ पासून स्टीमसारख्यांनी नोंदी दूर सर्व्हरवरही ठेवायला सुरुवात केली. दोष मात्र संपले नाहीत, फक्त जागा बदलली. २०२० च्या डिसेंबरात आलेल्या 'सायबरपंक २०७७' मध्ये संगणकावरची नोंद आठ मेगाबाइटच्या वर गेली की बिघडायची. म्हणजे खेळाडूने फार वस्तू बनवल्या, गोळा केल्या, की त्याचीच वही फुटायची. ते त्याच महिन्यात दुरुस्त झालं.

याच पुतण्याच्या लॅपटॉपवर गेल्या वर्षी एक जुना खेळ सेव्ह होत नव्हता, तेव्हा मी नेहमीच्या जागा तपासल्या होत्या. डिस्क भरली आहे का? नाही. विंडोजमध्ये २०१७ पासून 'कंट्रोल्ड फोल्डर ॲक्सेस' म्हणून एक पहारेकरी आहे, तो चालू केला तर अनोळखी प्रोग्रामला डॉक्युमेंट्समध्ये लिहू देत नाही. तो बंदच होता. खेळ प्रोग्राम फाइल्सच्या आत लिहायला बघतो आणि विंडोज अडवतं, तेही नव्हतं. शेवटी सापडलं ते मला लागलंच. लॅपटॉप घेतला तेव्हा माझ्याच आग्रहावरून त्याने खात्याला आपलं नाव देवनागरीत दिलं होतं. विंडोज त्या नावाचं फोल्डर करतं आणि डॉक्युमेंट्स त्याच्या पोटात. आजच्या प्रोग्रामना त्याचं काही वाटत नाही. पण जुन्या पद्धतीने लिहिलेल्या खेळाला देवनागरी अक्षरं ठाऊकच नाहीत, प्रत्येक अक्षराच्या जागी तो प्रश्नचिन्ह धरतो. आणि विंडोजमध्ये फाईलच्या नावात प्रश्नचिन्ह चालत नाही. पत्ताच चुकीचा, तर नोंद लिहिणार कुठे?

रोमन अक्षरांत दुसरं खातं उघडून दिलं, खेळ सेव्ह होऊ लागला. पहिलं खातं काढून टाकू का म्हणून त्याने विचारलं. नको म्हटलं. कॉलेजची कामं तो अजून देवनागरी खात्यातच करतो, खेळायला तेवढा पलीकडच्यात जातो.