दहा लाख पौंडांची राख

गाणे लोकप्रिय झाले की पुढे त्याचे काय करायचे, हा प्रश्न सहसा कुणाला पडत नाही. ते वाजवायचे, विकायचे आणि जमेल तितके दिवस त्याच्यावर जगायचे. बिल ड्रमंड आणि जिमी कॉटी या ब्रिटनमधल्या दोन कलावंतांना मात्र तो पडला. त्यांनी दिलेले उत्तर आजही अनेकांच्या पचनी पडत नाही. या जोडीने नावे पुष्कळ घेतली. त्यातले सर्वांत गाजले ते केएलएफ.

ड्रमंड स्कॉटलंडमध्ये वाढले. लिव्हरपूलच्या बँडची व्यवस्था पाहून ते रेकॉर्ड कंपनीत नोकरीला लागले. कॉटी चित्रकार आणि गिटारवादक. १९८७ साली दोघे एकत्र आले, तेव्हा सॅम्पलर नावाचे यंत्र सर्वसामान्य कलावंतांच्या आवाक्यात येऊ लागले होते. कुठल्याही तबकडीवरचा तुकडा उचलायचा, कापायचा, लांबवायचा आणि आपल्या तालावर बसवायचा. पहिल्याच अल्बममध्ये त्यांनी ॲबा या स्वीडिश गटाच्या ‘डान्सिंग क्वीन’चा मोठा तुकडा विनापरवाना वापरला. स्वामित्वहक्काची तक्रार झाली आणि अल्बम मागे घ्यावा लागला. ॲबाची समजूत घालायला दोघे थेट स्वीडनला गेले. भेट झाली नाही. मग उरलेल्या तबकड्यांतल्या काही त्यांनी तिथल्याच एका शेतात जाळल्या आणि काही परतीच्या वाटेवर समुद्रात फेकल्या.

ही चोरी म्हणायची का? गझलेच्या प्रांतात तझमीन नावाचा प्रकार आहे. दुसऱ्याच्या शेराला आपल्या ओळी जोडायच्या. मूळ कवी कोण, हे मैफलीला ठाऊक असते. दाद दोघांनाही मिळते. केएलएफने परवानगी घेतली नाही हे खरे, पण उसनवारी लपवलीही नाही. कायद्याला मात्र दाद कळत नाही, मालकी कळते.

१९८८ मध्ये ‘टाइमलॉर्ड्स’ या नावाने त्यांनी ‘डॉक्टर हू’ या बीबीसी मालिकेची धून एका जुन्या रॉक गाण्याच्या ठेक्यावर चढवली. गाणे ब्रिटनमध्ये पहिल्या क्रमांकावर गेले. ती चाल रॉन ग्रेनर यांची. पण १९६३ मध्ये बीबीसीच्या कार्यशाळेत टेपचे तुकडे जोडून तिला तो अद्भुत आवाज दिला डेलिया डर्बीशायर यांनी. संगीतकार म्हणून त्यांचे नाव मात्र लागले नाही. आवाज कोणाचा आणि नाव कोणाचे, हा घोळ असा आधीपासूनचा आहे. त्यानंतर या जोडीने पहिल्या क्रमांकाचे गाणे कसे बनवावे, यावर पुस्तकही लिहिले!

१९९० चा ‘चिल आउट’ मात्र वेगळा. आगगाड्या, मेंढ्यांचे आवाज, रेडिओवरचे शब्द यांतून अमेरिकेतल्या एका रात्रीच्या प्रवासाचा भास उभा राहतो. १९९१ मध्ये ‘थ्री ए.एम. इटर्नल’ पहिल्या क्रमांकावर पोहोचले. त्याच वर्षी अमेरिकी कंट्री गायिका टॅमी वायनेट त्यांच्यासोबत गायल्या. पैसा आणि कीर्ती दोन्ही दारात आली.

आणि तिथेच त्यांनी दार लावले. फेब्रुवारी १९९२ मध्ये ब्रिट पुरस्कारांच्या सोहळ्यात ड्रमंड यांनी मशीनगनमधून प्रेक्षकांवर खोट्या गोळ्या झाडल्या. नंतरच्या मेजवानीच्या दारात मेलेली मेंढी आणून टाकली. मे महिन्यात त्यांनी निवृत्ती जाहीर केली आणि आपल्या सर्व ध्वनिमुद्रिका बाजारातून काढून घेतल्या.

उरला पैसा. २३ ऑगस्ट १९९४ च्या पहाटे, स्कॉटलंडच्या जुरा बेटावरच्या एका ओसाड होडीघरात त्यांनी पन्नास पौंडांच्या नोटांची पुडकी सोडली आणि दहा लाख पौंड जाळले. तासाभराचे काम. त्याचे चित्रीकरण झाले होते. पुढे गावोगाव ती फिल्म दाखवून ते लोकांनाच विचारत राहिले, आम्ही हे का केले?

लोक संतापले, आणि तो संताप रास्त होता. नोट जळाली म्हणून जगातला गव्हाचा दाणा कमी होत नाही, असे कुणी म्हणेल. पण त्या नोटेने ज्याच्या घरी दाणे पोहोचले असते, त्याचे या उत्तराने पोट भरत नाही. मुलांना हे समजावून सांगणे अवघड जाते, असे ड्रमंड यांनीही पुढे कबूल केले.

मला मात्र त्या राखेपेक्षा १९९२ चा निर्णय अधिक अस्वस्थ करतो. आपले लिहिलेले आपल्यामागे उरावे, ही लिहिणाऱ्याची भाबडी आशा असते. या दोघांनी कीर्तीच्या शिखरावर असताना स्वतःच्या हाताने ती पुसली. ते रचनाकाराच्या हक्कात बसते. पण ऐकणाऱ्याच्या कानात गेलेले गाणे परत कसे घेणार?

ते घेता आलेही नाही. २०१७ मध्ये दोघे लिव्हरपूलमध्ये पुन्हा प्रकटले. १ जानेवारी २०२१ रोजी त्यांची गाजलेली गाणी इंटरनेटवर अधिकृतपणे ऐकायला मिळू लागली. काही आठवड्यांनी ‘चिल आउट’ही नव्या नावाने आला, पण उसने घेतलेले काही तुकडे वगळून. स्वतःचे दहा लाख जाळताना त्यांना कुणाची परवानगी लागली नव्हती. दुसऱ्याच्या गाण्यातल्या चार क्षणांसाठी ती चौतीस वर्षांनंतरही लागलीच.