मोनिक मेर्क्यूर आणि क्वेबेकचा पडदा

९ जानेवारी १९२७ रोजी माँट्रियल शहरातील लॉरिए पॅलेस या चित्रपटगृहात आग लागून अठ्ठ्याहत्तर मुले जिन्यात चेंगरून व गुदमरून मृत्युमुखी पडली, आणि सिनेमाला मुळातच अनीतीचे आगर समजणाऱ्या कॅथलिक धर्मपीठास हवे असलेले निमित्त मिळून, क्वेबेक प्रांताच्या सरकारने सोळा वर्षांखालील मुलांना चित्रपटगृहांत मज्जाव केला. हा कायदा तीस वर्षांहूनही अधिक काळ अंमलात होता. त्याच शहरात १९३० साली जन्मलेली मोनिक एमाँ ही मुलगी पुढे क्वेबेकच्या पडद्यावरील अग्रगण्य नटी व्हावी, याला दैवाची थट्टाच म्हणावी लागेल!

तिचे पहिले शिक्षण संगीताचे, वाद्य चेलो. आणि १९४९ साली संगीतकार प्येर मेर्क्यूर यांच्याशी विवाह झाल्यावर मिळालेले आडनाव तिने जन्मभर वागविले. तीन मुलांचा संसार सांभाळून ती रंगभूमीकडे वळली. फ्रेंच भाषेतील चित्रपटांचा व्यवसाय त्या प्रांतात तेव्हा इतका तोकडा होता, की नटीला केवळ त्यावर उपजीविका करणे अशक्यच. रंगमंच, दूरचित्रवाणी व सिनेमा अशा तिन्ही दरबारी तिला रुजू व्हावे लागे. मला वाटते, मेर्क्यूरबाईंच्या अभिनयातील घट्ट वीण या त्रिस्थळी चाकरीतूनच आली.

प्रांताचे मुख्यमंत्री ड्युप्लेसिस यांची प्रदीर्घ राजवट १९५९ मध्ये संपून शाळा, इस्पितळे व विवेक यांवरील धर्मगुरूंचा अखत्यार ढिला पडू लागला, तेव्हा क्लोद ज्युत्राप्रभृती तरुण दिग्दर्शक पुढे सरसावले. ज्युत्रांच्या १९६३ च्या ‘आ तू प्रांद्र’ मध्ये तिला भूमिका मिळाली; १९७० च्या ‘द फाम आँ ओर’ मध्ये नवऱ्यांच्या अनास्थेने कंटाळलेल्या दोन उपनगरी गृहिणींपैकी एक ती होती, व त्या धीट विनोदी चित्रपटाने गर्दीचे उच्चांक मोडले. पुढच्याच वर्षी ‘माँ ऑंक्ल आंत्वान’ मध्ये ती खाणकामगारांच्या गावातील दुकानात नवा कॉर्सेट अंगाला बसतो की नाही ते पाहत असते, आणि वयात येऊ लागलेली पोरे तिला चोरून न्याहाळतात. प्रसंग क्षणभराचा, परंतु त्यात थट्टा आहे, मोह आहे आणि देहाची अकृत्रिम ऐटही आहे.

तथापि तिची खरी भूमिका म्हणजे दिग्दर्शक ज्याँ बोदँ यांच्या ‘जे. ए. मार्तँ फोटोग्राफ’ मधील रोझ-एमे. विसाव्या शतकाच्या प्रारंभीचा काळ. घोडागाडीतून गावोगाव फिरून छायाचित्रे काढणारा, घरी अबोलपणे वागणारा नवरा. आणि पाच लेकरांची आई असलेली ही स्त्री एका वर्षी, मुलांची सोय लावून, आपणही तुमच्याबरोबर येणार असे सांगून मोकळी होते. वाटेत तिचा गर्भपात होतो, कुठे लग्नाच्या मेजवानीत नाचही होतो. संवाद थोडके, नवऱ्याशेजारी गाडीवर बसलेल्या तिच्या चेहऱ्यावरील बदलच कथा पुढे नेतात. मार्सेल साबुरँ यांनी तो नवरा असा मुका रंगविला, की त्याचा राग येतो आणि कीवही येते.

या भूमिकेसाठी मे १९७७ मध्ये कान महोत्सवात तिला सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचे पारितोषिक, अमेरिकेच्या शेली ड्युव्हाल यांच्यासमवेत विभागून, मिळाले. वय सेहेचाळीस! त्याच वर्षी ऑगस्टमध्ये क्वेबेकच्या विधानसभेने फ्रेंच भाषेला प्रांताच्या कारभारात अग्रस्थान देणारा सुप्रसिद्ध कायदा संमत केला. एका प्रांतिक बोलीतील चित्रपटाची फ्रान्सच्या भूमीवर झालेली ही कदर क्वेबेकच्या लोकांना कशी वाटली असेल, हे निराळे सांगावयास नको.

उत्तरायुष्यात तिने इंग्रजी चित्रपटही केले. दिग्दर्शक क्रोनेनबर्ग यांच्या १९९१ च्या ‘नेकेड लंच’ मधील तिची फदेला तर आपले अंगच कवचासारखे फाडते आणि आतून डॉक्टर बेन्वे हे दुसरेच पात्र प्रकटते. त्या विचित्र भूमिकेने तिला कॅनडाचा जिनी पुरस्कार मिळवून दिला. १९९१ मध्येच माँट्रियलच्या राष्ट्रीय नाट्यविद्यालयाची सूत्रे तिच्याकडे आली. फ्रेंच व इंग्रजी नटांचे स्वतंत्र वर्ग एकाच छपराखाली चालविणारी ती संस्था तिने वर्षानुवर्षे सांभाळली, आणि २०२० च्या मे महिन्यात एकोणनव्वदाव्या वर्षी आपल्या जन्मगावीच देह ठेवला.