खेळवणाऱ्याचं नाव

‘ही स्पर्धा लाल मातीच्या कोर्टवर खेळवली जाईल.’ टेनिसची कुठलीही बातमी काढा, हे वाक्य किंवा त्याचं एखादं भावंड तिच्यात असतंच. वाचणाऱ्याची नजर लाल मातीवर जाते, पण वाक्यातलं खरं काम ‘खेळवली’ हा शब्द करतो. मराठीत खेळाडू स्पर्धा खेळतो आणि स्पर्धा मात्र खेळवली जाते. मधल्या त्या ‘व’ने एक माणूस वाक्यात आणून उभा केला आहे.

शाळेच्या व्याकरणात हसणे-हसवणे, बसणे-बसवणे अशा जोड्या घोकून घेत. दुसऱ्या रूपाला प्रयोजक क्रियापद म्हणायचं. मूळ काम एकाचं, ते त्याच्याकडून करवून घेणारा दुसरा. या करवून घेणाऱ्याला पाणिनीच्या शास्त्रात ‘हेतु’ अशी संज्ञा आहे, आणि गंमत म्हणजे त्याच सूत्रात त्याला ‘कर्ता’ही म्हटलेलं आहे. घाम गाळणारा कर्ता, आणि त्याला कामाला लावणारा प्रयोजक, तोही कर्ताच. आता मैदानावर या. तिथे पैसे घालून स्पर्धा भरवणाऱ्याला आपण म्हणतो ‘प्रायोजक’. संस्कृत व्याकरणातला प्रयोजक आणि वर्तमानपत्रातला प्रायोजक यांत एका कान्याचं अंतर. ‘प्र’ आणि ‘योजक’ यांच्या मधे एक ‘आ’ घातला की दुसरा शब्द तयार. हा शब्द घरोघर पोचला तो दूरदर्शनमुळे. १९८४ साली ‘हम लोग’ ही मालिका नूडल्सच्या कंपनीच्या पैशावर सुरू झाली आणि ‘प्रायोजित कार्यक्रम’ हे शब्द पडद्यावर दिसू लागले. रेडिओवर ‘बिनाका गीतमाला’ १९५२ पासून टूथपेस्टच्या जिवावर चाललेली होती, पण तेव्हा त्या प्रकाराला नाव द्यायची गरज कुणाला वाटली नव्हती. बिनाकाची पुढे सिबाका झाली तशी गीतमालाही मुकाट सिबाका झाली.

‘खेळवणे’ला आणखी अर्थ आहेत. आई मूल खेळवते. कोळी गळाला लागलेला मोठा मासा खेळवत खेळवत दमवतो. दुकानदार गिऱ्हाइकाला खेळवतो. स्पर्धांच्या खालच्या पायऱ्यांवर धडपडणाऱ्या खेळाडूला हे तिन्ही अर्थ ठाऊक असावेत. ‘पुढच्या वर्षी नक्की’ म्हणणाऱ्या प्रायोजकाचा अनुभव तिसऱ्या अर्थात मोडतो.

आणि ‘खेळवली जाईल’ या कर्मणी रचनेची खोच अशी की खेळवली कुणी, ते सांगायलाच नको. इंडियन ओपन नावाची पुरुषांची स्पर्धा सत्तरच्या दशकात गावोगाव फिरत असे. १९७३ साली दिल्ली, १९७४ला मुंबई, मग कलकत्ता, मग बंगळूर. मुंबईत न्यूझीलंडच्या ओनी पॅरुनने ऑस्ट्रेलियाच्या टोनी रोशला हरवलं. १९७९ला ती पुन्हा मुंबईत आली आणि विजय अमृतराज जिंकला. विक्रमांच्या पुस्तकात गावाचं नाव आहे, साल आहे, जिंकणारा-हरणारा आहे. खेळवणारा गळालेला आहे.

नवी मुंबईत, वाशी, नेरूळ, घणसोलीच्या चौकांत मात्र तो कधीच गळत नाही. तिथल्या फ्लेक्सवर तो चार-पाच नावांनी वावरतो. आयोजक वेगळा, ‘सौजन्य’ वेगळं, मार्गदर्शक वेगळा, तळाशी शुभेच्छुकांची पासपोर्ट फोटोंची रांग, आणि सगळ्यांत भारदस्त तो ‘आधारस्तंभ’. प्रथम पारितोषिक अमुक ‘यांजकडून’. हे ‘यांजकडून’ रोजच्या बोलण्यातून कधीच गेलं, लग्नपत्रिका आणि टेनिस बॉल क्रिकेटच्या फ्लेक्सनी मात्र ते जपून ठेवलंय. या मंडळींपुढे ‘प्रायोजक’ हा शब्द अगदीच कोरडा, करारपत्राच्या कागदावरचा वाटतो. ‘आधारस्तंभ’ म्हटलं की निदान मांडव डोळ्यांसमोर येतो, आणि तो काढून घेतल्यावर काय होईल तेही.

स्पर्धेचं नाव बहुतेक वेळा ‘चषक’ असतं. महापौर चषक, आमदार चषक. चषक म्हणजे पिण्याचं भांडं, आणि संस्कृत काव्यात त्यातून जे पितात ते पाणी नसतं. आपण हा अर्थ धुऊन-पुसून तो शब्द शाळेच्या कपाटात ठेवला. २००६ आणि २००७ अशी दोनच वर्षं ‘किंगफिशर एअरलाइन्स टेनिस ओपन’ ही पुरुषांची व्यावसायिक स्पर्धा मुंबईत क्रिकेट क्लब ऑफ इंडियावर झाली. पहिल्या वर्षी दिमित्री तुर्सुनोव जिंकला, दुसऱ्या वर्षी रिशार गास्के. बिअरवाल्या घराच्या विमान कंपनीने दिलेला तो चषक मूळ अर्थाच्या फार जवळ गेला असणार. कोर्ट मातीचं नव्हतं, हार्ड होतं. ही स्पर्धा व्हिएतनाममधल्या हो चि मिन्ह सिटीतून इथे आली होती, इथून बंगळूरला निघाली आणि २००८ साली सुरक्षेच्या कारणावरून होण्याआधीच रद्द झाली. विमान कंपनी २०१२मध्ये जमिनीवर आली ती कायमची. किंगफिशरला मराठीत खंड्या म्हणतात. ऐरोलीच्या खाडीकाठी तो अजून दिसतो, कुठल्याही परवान्याशिवाय.

परवाना हा इथे कळीचा शब्द. या पातळीवरची स्पर्धा गावाची नसते. पुरुषांच्या व्यावसायिक टेनिसच्या संघटनेचा, म्हणजे एटीपीचा परवाना ज्याच्याकडे, तो स्पर्धा उचलून दुसरीकडे नेऊ शकतो. १९९६ला दिल्लीत सुरू झालेली स्पर्धा पुढच्याच वर्षी चेन्नईला गेली. तिथे ती आधी गोल्ड फ्लेक ओपन, मग टाटा ओपन, पुढे एअरसेल चेन्नई ओपन. सिगारेटचं नाव लावणं २००३च्या कायद्याने बंद केलं, एअरसेलने २०१८ साली दिवाळखोरीचा अर्ज दिला. तोवर स्पर्धा पुण्यात बालेवाडीला येऊन ‘टाटा ओपन महाराष्ट्र’ झाली होती. २०१८ ते २०२३ एवढाच तिचा इथला मुक्काम. त्यातही २०२१ला ती झालीच नाही.

हे नाव पुढे लावण्याचं प्रकरण शब्दांत किती नेमकं बसलंय ते ‘पुरस्कृत’मध्ये पाहावं. पुरस् म्हणजे पुढे, समोर. पुरस्कार म्हणजे पुढे करणं, पुढे ठेवणं. ज्याला बक्षीस दिलं त्याला चारचौघांत पुढे केलं, म्हणून बक्षिसाला पुरस्कार. पण मराठीत ‘पुरस्कृत’ दोन्ही तोंडांनी चालतो. पुरस्कृत लेखक म्हणजे ज्याला बक्षीस मिळालं तो. पुरस्कृत अपक्ष म्हणजे ज्याच्यामागे एखादा पक्ष उभा आहे तो. केंद्र पुरस्कृत योजनेत केंद्राने पैसे घातलेले असतात. आणि एखाद्या कंपनीने ‘पुरस्कृत’ केलेल्या स्पर्धेत खरोखर पुढे कोण जातं? कंपनीच. धातूला विचारलं तर तो म्हणेल, मी काही खोटं बोललो नव्हतो, कोणाला पुढे करायचं तेवढं सांगितलं नव्हतं.

इंग्रजी ‘स्पॉन्सर’ मूळचा लॅटिन. स्पाँडेरे म्हणजे शब्द देणं, वचनाने बांधून घेणं. रोमन कायद्यात स्पॉन्सर म्हणजे जामीन राहणारा. मग तो शब्द चर्चमध्ये गेला आणि बाप्तिस्म्याच्या वेळी मुलाच्या वतीने उत्तरं देणाऱ्या धर्मपित्याला लागला. जाहिरातदारापर्यंत तो फार उशिरा पोचला. म्हणजे स्पॉन्सर हा मुळात नामकरणाच्या विधीला हजर राहणारा माणूस, आपल्याकडच्या बारशातली आत्याच जणू. फरक एवढाच की आत्या बाळाच्या कानात बाळाचंच नाव सांगते, स्वतःचं नाही.

आता माती. टेनिसच्या शब्दांवर लिहायचं तर ‘लव्ह’ आणि ‘ड्यूस’ टाळून चालत नाही असा समज आहे. त्यांवर इतकं लिहिलं गेलंय की मी हात लावत नाही. माती जास्त फसवी आहे. ज्याला जग ‘क्ले’ म्हणतं, ती युरोपातल्या मोठ्या कोर्टांवर चिकणमाती नसतेच. ती भाजलेल्या विटांची भुकटी असते. पॅरिसच्या रोलाँ गारोसवर वरचा लाल थर जेमतेम एक-दोन मिलिमीटरचा, त्याखाली पांढऱ्या चुनखडीचा चुरा, त्याखाली कोळशाची खंगर आणि दगड. असं सांगतात की १८८०च्या सुमारास इंग्रज टेनिसपटू रेनशॉ बंधूंनी फ्रान्समध्ये कान इथे, उन्हाने जळणाऱ्या हिरवळीवर कुंभारांच्या फुटक्या भांड्यांचा चुरा पसरला आणि तिथून ही रीत पडली. चिकणमाती पाणी धरून ठेवते, विटेची भुकटी ते सोडते. भुकटीवर चेंडू घासला जातो, वेग हरवतो आणि उंच उसळतो, म्हणून एकेक गुण लांबतो.

मराठी गवंड्याला ही भुकटी नवी नाही. तो तिला सुरखी म्हणतो. फारसी सुर्ख, म्हणजे लाल. चुना-सुरखीत बांधलेले जुने वाडे आणि पूल अजून उभे आहेत. विटेच्या तुकड्याला विटकर हा शब्द आहे आणि त्यावरून रंगाचं नाव, विटकरी. वार्ताहर इमानाने ‘लाल माती’ लिहितात, आणि जो रंग साडीच्या दुकानात बिनचूक ओळखला जातो तो क्रीडापानावर येता येता साधा लाल होऊन जातो. रायगड-ठाण्याच्या वीटभट्ट्यांवर कातकरी कुटुंबं ज्या विटा पाडतात, त्यांचा फुटका माल म्हणजे या कोर्टाचा कच्चा माल. खुद्द नवी मुंबईची जमीन वेगळ्याच कुळातली. खाडी, खाजण, मिठागरं, आणि त्यांवर मुरमाचा भराव. मुरूम हा शब्द इंग्रज इंजिनिअरांनी इथूनच उचलला. ‘हॉब्सन-जॉब्सन’ या कोशात तो आहे आणि मराठी म्हणूनच आहे. कोर्टाच्या खालच्या थरात तो चालेल, वर तो बुटाखाली सरकेल. शिवाय चार महिने कोसळणाऱ्या पावसात कोर्टावर दोन मिलिमीटरची भुकटी राखायची म्हणजे दर वर्षी ती नव्याने विकत घ्यायची. त्यामुळे इथल्या सोसायट्यांत सिंथेटिकचंच राज्य.

त्या सिंथेटिकला आज हार्ड कोर्ट म्हणतात. पण जुन्या इंग्रजी वापरात गवत नसलेलं ते सगळं हार्ड. १९६८च्या एप्रिलमध्ये इंग्लंडमधल्या बोर्नमथला हौशी आणि व्यावसायिक खेळाडू पहिल्यांदा अधिकृतपणे एकत्र खेळले. टेनिसचं ‘ओपन’ युग त्या आठवड्यात सुरू झालं. अंतिम सामन्यात केन रोझवॉलने रॉड लेव्हरला हरवलं. स्पर्धेचं नाव ब्रिटिश हार्ड कोर्ट चॅम्पियनशिप्स, आणि कोर्ट मातीचं! पॅरिसला १९१२पासून भरणारी जागतिक हार्ड कोर्ट स्पर्धाही मातीवरचीच. आपण हसायचं कारण नाही. आपल्या राज्य संघटनेच्या नावात अजून ‘लॉन टेनिस’ आहे, आणि ती ज्या स्पर्धा खेळवते त्यांत हिरवळ शोधून सापडायची नाही.

मातीने मात्र एकदा प्रायोजकाचं ऐकलं होतं. २०१२ साली माद्रिदच्या स्पर्धेत तिचा मालक इऑन तिरिअॅकने निळी माती अंथरली. टीव्हीवर पिवळा चेंडू उठून दिसावा हे कारण दिलं गेलं. नाव देणाऱ्या विमा कंपनीचा रंगही निळाच होता. खेळाडू घसरले, नदाल आणि जोकोविच भडकले, फेडरर जिंकला, आणि पुढच्या वर्षीपासून एटीपीने निळ्या मातीला बंदी घातली. एका वर्षाचं आयुष्य लाभलेली ही माती मला किंगफिशरच्या स्पर्धेइतकीच आवडते. तिच्यात निदान धाडस होतं.

मराठी कानाला माती म्हटली की आधी कुस्ती आठवते, टेनिस नंतर. महाराष्ट्र केसरीत माती आणि गादी असे दोन विभागच आहेत, आणि मानाच्या गदेसाठी मातीवरचा विजेता गादीवरच्या विजेत्याशी भिडतो. आखाड्याची माती भाजलेली नसते. ती चाळून, तेल-ताक घालून, रोज खोऱ्याने उलटून मऊ ठेवलेली असते. कोल्हापूरचं खासबाग मैदान शाहू महाराजांनी १९१२ साली बांधलं. तिथे राजाचं नाव मैदानाला लागलं, कुस्तीला नाही. कुस्ती पैलवानांच्या नावानेच लढली गेली. इनाम कुणी लावलं हे हलगी थांबली की सांगायचं, एवढाच मान.

आणि ‘अस्मान दाखवणे’ हा आपला वाक्प्रचार याच मातीतून आलेला. पाठ टेकली की समोर आकाश, म्हणजे हरलेल्याला आकाश दिसतं. रोलाँ गारोसवर राफाएल नदाल चौदा वेळा जिंकला, आणि शेवटचा गुण मिळाल्यावर कित्येकदा तो सरळ पाठीवर आडवा झाला. दोन्ही खांदे मातीला टेकलेले, पाठ विटकरी, तोंड आभाळाकडे. पॅरिसचं जग टाळ्या वाजवत असतं. अशा वेळी एखाद्या मराठी वार्ताहराने ‘नदालने अस्मान पाहिलं’ असं लिहून पाठवलं, तर डेस्कवरचा उपसंपादक त्याला फोन करून आधी विचारेल, निकाल नक्की काय लागला?