डॉक्युमेंट्रीतली जुनी दृश्यं शोधून कोण काढतं? जाणून घ्या 'अर्काइव्ह रिसर्चर'चं काम

2019 साली आलेल्या 'अपोलो 11' या डॉक्युमेंट्रीत निवेदक नाही आणि आज घेतलेली एकही मुलाखत नाही. पडद्यावर दिसतं ते जवळजवळ सगळं 1969 मध्येच चित्रित झालेलं. मग दिग्दर्शक टॉड डग्लस मिलर यांच्या टीमने नेमकं केलं काय? मुख्यतः शोधाशोध.

अमेरिकेच्या नॅशनल अर्काइव्ह्जकडे विचारणा झाली, तेव्हा तिथल्या कर्मचाऱ्यांच्या हाती 65 मिलीमीटर फिल्मची रिळं लागली. रॉकेट उडताना पाहायला जमलेली गर्दी त्यात लख्ख दिसते. सोबत 11 हजार तासांहून जास्त ध्वनिमुद्रण होतं. पण नियंत्रण कक्षातलं 16 मिलीमीटरचं चित्रीकरण मुकं होतं! ब्रिटिश अर्काइव्ह प्रोड्यूसर स्टीफन स्लेटर यांनी पडद्यावरच्या माणसांचे ओठ हलताना पाहिले, ते वाक्य टेपमध्ये शोधलं आणि दोन्ही जुळवलं. वाचायला सोपं वाटतं. करायला वर्षं लागतात.

फुटेज मिळालं म्हणजे काम संपलं, असंही नाही. ते खरंच त्या घटनेचं आहे का, हे तपासावं लागतं. 1916 च्या 'द बॅटल ऑफ द सोम' या ब्रिटिश चित्रपटात सैनिक खंदकातून वर चढतात आणि कोसळतात. हे प्रसिद्ध दृश्य प्रत्यक्ष लढाईतलं नाही, ते रचून चित्रित केलं होतं. तरीही पहिल्या महायुद्धावरच्या कार्यक्रमांत ते खरं म्हणून वापरलं गेलं. व्हॉट्सअॅपवर जुना व्हिडिओ नव्या नावाने फिरतो, तसाच हा प्रकार.

पुढचा प्रश्न हक्कांचा. फुटेजचा मालक कोण, ते कोणत्या देशात, किती वर्षं दाखवता येईल, हे करारात ठरतं. पैसे अनेकदा सेकंदाच्या किंवा मिनिटाच्या हिशोबाने मोजावे लागतात. छोट्या निर्मात्याचं बजेट बहुतेक वेळा इथेच कोलमडतं.

भारतात या कामाला असं नाव मिळण्याआधीच ए. के. चेट्टियार यांनी ते करून दाखवलं होतं. गांधीजींची दृश्यं मिळवण्यासाठी ते देशोदेशी फिरले, सुमारे 50 हजार फूट फिल्म जमवली आणि 1940 मध्ये तमिळ डॉक्युमेंट्री आणली.

पुण्यात 1964 मध्ये राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय सुरू झालं. जुनी नायट्रेट फिल्म झटकन पेट घेते. 2003 च्या आगीत तिथली अशी बरीच रिळं गेली. 'आलम आरा'ही त्यातच जळाला, असं अजूनही सांगितलं जातं. पण त्याची प्रत संग्रहालयाकडे कधी आलीच नव्हती, हे संस्थापक पी. के. नायर यांनीच स्पष्ट केलं होतं.