किनाऱ्याची नावे आणि घाटावरचा मुलूख

अहिल्यानगर जिल्ह्याच्या पारनेर तालुक्यातील सुपा (पुणे जिल्ह्यातील, शहाजीराजांच्या जहागिरीचे सुपे ते निराळे) हा मुलूख सोळाव्या शतकात निजामशाहीचा होता. त्या राज्याचे चौल बंदर पोर्तुगीजांच्या चांगले परिचयाचे असून १५२१ मध्ये तेथे किल्ला बांधण्याची अनुज्ञा बुऱ्हाण निजामशहाने त्यांना दिली होती. तथापि त्यांच्या सागरी नकाशांत सुप्यासारखे घाटावरचे गाव शोधणे व्यर्थ होय.

हे नकाशे मुळात तांडेलाच्या उपयोगाचे. जुआंव द कास्त्रो याने १५३८-३९ मध्ये गोव्याहून दीवपर्यंत केलेल्या प्रवासाच्या वर्णनात बंदरांची मुखे, पाण्याची खोली, अक्षांश व होकायंत्राच्या सुईचे विचलन यांची काटेकोर नोंद आहे. जवळच्या तोफेमुळेही सुई ढळते, हे त्याच्या दृष्टीतून सुटले नाही. अशा निरीक्षकाचे अज्ञान हे आळसाचे फळ नव्हे. गलबतावरून जेवढे दिसले व ऐकू आले, तेवढेच कागदावर उतरले.

नावांचे स्वरूप याची साक्ष देते. दाभोळचे ‘दाबुल’ झाले, घाटाचे ‘गाते’. पोर्तुगीजांच्या उच्चारात महाप्राण नाही आणि ळकारही नाही. मुंबईच्या ‘बोंबाइं’तील अंत्य अनुनासिकही त्यांच्याच वळणाचे. तरीही या विकृत रूपांमागे कोळी-खलाशांच्या तोंडची भाषा ओळखू येते. घाटावरच्या राज्यांची गोष्ट वेगळी. तेथे निजाम-उल्-मुल्कचा ‘निजामलूको’ आणि कुत्ब-उल्-मुल्कचा ‘कोतामलूको’ झाला. म्हणजे स्थळनाम नव्हे, दरबारी पदवीच राज्याचे नाव ठरली. वकिलांच्या मुखातून फारसी पदव्या पोहोचल्या, गावकऱ्यांची मराठी पोहोचली नाही. बुऱ्हाणावर उपचार करणारा वैद्य गार्सिया द ओर्ता हा मात्र अपवाद. गोव्यात १५६३ मध्ये छापलेल्या त्याच्या ग्रंथात औषधींची देशी नावे आस्थेने नोंदविलेली आहेत.

म्हणून नकाशावरील मोकळ्या जागेवरून तो प्रदेश विरळ वस्तीचा किंवा अप्रगत होता असे अनुमान काढणे सदोष होय. ती मोकळीक ऐकणाऱ्याच्या मर्यादेची आहे. १५७०-७१ मध्ये फेर्नांव वाझ दौरादो गोव्यात आपले सुशोभित नकाशासंग्रह रेखाटीत होता. नेमक्या त्याच काळात मुर्तजा निजामशहाची फौज घाट उतरून चौलला वेढा घालून बसली होती. ज्या वाटांनी ती आली, त्या वाटा सागरी नकाशांवर नव्हत्या.