बाबासाहेबांनी आपल्याला रोम का सांगितला?

"रोमच्या इतिहासाशी आपला काय संबंध?" आमच्या आसेगावचा (जि. वाशिम) एखादा तरुण असे विचारील, आणि प्रश्न रास्तच आहे. प्राचीन रोम सामान्य वाचकाला समजावून सांगणारे इतिहासकार म्हटले की आज मेरी बिअर्ड यांचे नाव घेतले जाते. पण आम्हाला रोम त्याआधीच बाबासाहेबांनी सांगून ठेवला आहे.

१९३६ साली लाहोरच्या जातपात तोडक मंडळाने बाबासाहेबांना अध्यक्ष म्हणून बोलावले. भाषण वाचून मंडळ बिचकले, अधिवेशनच बारगळले. बाबासाहेबांनी ते भाषण स्वतः छापले. 'अॅनिहिलेशन ऑफ कास्ट'च्या १५०० प्रती दोन महिन्यांत संपल्या. सत्ता फक्त पैशात असते म्हणणाऱ्या समाजवाद्यांना त्यात त्यांनी रोमचा दाखला दिला.

रोममध्ये पॅट्रिशियन हे उच्चकुलीन, तर प्लेबियन हे सामान्य जन. प्लेबियनांनी इ.स.पू. ४९४ मध्ये शहर सोडून असहकार केला आणि आपले ट्रिब्यून मिळवले. इ.स.पू. ३६७ मध्ये कॉन्सलपदही मिळवले. तरी त्यांचा खंबीर माणूस त्या खुर्चीवर टिकेना. का? बाबासाहेब सांगतात, निवडून आलेला माणूस देवीलाही मान्य असावा लागे, आणि देवीचा कौल सांगणारे पुरोहित पॅट्रिशियन! प्लेबियनांची देवीवर श्रद्धा होती, म्हणून ही फसवणूक त्यांनी निमूट सोसली.

बाबासाहेबांनी डेल्फीच्या देवीचे नाव घेतले आहे. आजचे अभ्यासक रोममधल्याच शकुन पाहणाऱ्या पुरोहितांकडे बोट दाखवतात. त्याने मुद्दा आणखी पक्का होतो. इ.स.पू. ३२७ मध्ये मार्कस क्लॉडियस मार्सेलस हा प्लेबियन डिक्टेटर नेमला गेला. पुरोहितांनी नेमणुकीत दोष काढला आणि त्याला पायउतार व्हावे लागले. नेमणूक झाली दूर छावणीत, रात्रीच्या शांततेत. मग रोममध्ये बसलेल्यांना दोष दिसला कसा? ट्रिब्यूनांनी हेच विचारले. दोष एकच होता: तो प्लेबियन होता. अखेर इ.स.पू. ३०० मध्ये कायदा करून पुरोहितपदेच प्लेबियनांना खुली करावी लागली.

आता आपल्याकडे पाहा. ७३व्या घटनादुरुस्तीने गावोगाव राखीव सरपंचपद आले. आपला माणूस मतांनी निवडून येतो. पण खुर्चीवर बसण्याआधी मुहूर्त कोण काढतो? पूजा कोण सांगतो? मत आपले आणि कौल दुसऱ्याचा असेल, तर आपण अजून रोमचे प्लेबियनच आहोत.

बाबासाहेबांनी १९३६ मध्ये मागणी केली होती की पुरोहितपद वंशपरंपरेने मिळू नये, परीक्षा घेऊन सर्वांना खुले करावे. कोणी ऐकले नाही. मग १४ ऑक्टोबर १९५६ ला नागपुरात त्यांनी ती देवीच नाकारली आणि आपल्याला २२ प्रतिज्ञा दिल्या.

मित्रहो, राखीव जागेने खुर्ची मिळते. त्या खुर्चीवर ताठ बसायचे बळ प्रतिज्ञा पाळल्यानेच येते. म्हणून आम्ही म्हणतो, रोम वाचा.

जय भीम!